रेडिओवर गप्प बसलेला माणूस

तिलेश्वर सैकिया मला पहिल्यांदा दिसला तो डोळे मिटून उभा असलेला. आयर्लंडातल्या नावन गावच्या पुलावर, दोन्ही हात कठड्यावर, मान जराशी खाली, आणि खालून बॉइन नदी चाललेली. आमच्याकडं विट्याला असा माणूस पुलावर दिसला तर दोनच कारणं असतात. एक तर देवाला नमस्कार, नाहीतर उडी. देऊळ काही आसपास दिसेना. म्हणून मी जाऊन मागून त्याचा कोट घट्ट धरला.

तो दचकला नाही. डोळेही उघडले नाहीत. आपल्याकडच्यासारखा दिसत होता, पण हिंदीत बोलला, "थोडं थांबा. ऐकतोय."

"काय ऐकताय?"

"नदी. हिला खालचा आवाजच नाही, नुसता वरचा. सर्दी झालेल्या बाईसारखी बोलते." मग त्यानं डोळे उघडले आणि माझ्या मुठीकडं बघितलं. "तुम्ही पोलीस आहात?"

"नाही. विट्याचा जगदाळे."

"मी गुवाहाटीचा सैकिया. आता कोट सोडा. मुलीनं घेतलेला आहे, फाटला तर मी बोलणी खाईन."

मी कोट सोडला. मग त्यानं ब्रह्मपुत्रा किती मोठी ते सांगितलं. पलीकडचा काठ दिसत नाही म्हणे. मी म्हणालो, आमच्याकडं येरळा आहे. येरळेत पाणी कधी असतं आणि कधी नसतं हे त्यानं विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

गुवाहाटीच्या रेडिओ केंद्रावर त्याची सगळी नोकरी गेली. नाटकं लिहायची, बसवायची, त्यात बोलायचं, आणि मधल्या वेळात बातम्या नि बाजारभाव वाचायचे. याचं नाटक लागलं की आसामातले चहावाले गिऱ्हाईक सोडून रेडिओला कान लावायचे, असं तो सांगायचा. माणूस स्वतःबद्दल सांगतो त्यातलं मी निम्मं धरतो. निम्मं धरलं तरी बरंच होतं. बायको गेल्यावर तो मुलीकडं आला. मुलगी इथं इस्पितळात डॉक्टर. तिचं घरातलं नाव माजनी. मी आलो मुलाकडं. संजय रोज बसनं डब्लिनला कॉम्प्युटरच्या कामाला जातो आणि सून प्रज्ञा घरातूनच कॉम्प्युटरवर काम करते. म्हणजे घर तिचं ऑफिस, आणि मी ऑफिसात राहतो.

माझं स्वतःचं म्हणाल तर चौथीपर्यंत शाळा, आणि पुढं सगळं आयुष्य साउंड सर्व्हिस. लग्न, बारसं, जत्रा, निवडणूक, सगळ्याला माझे भोंगे. तेव्हा मी त्याला पुलावरच सांगून टाकलं की आपला धंदा एकच, आवाजाचा.

त्याला ते पटलेलं दिसलं नाही. "तुमचा आवाज किती लांब जायचा?"

"वारं असलं तर शेजारच्या गावापर्यंत."

"माझा अख्ख्या आसामात जायचा."

"जात असेल," मी म्हणालो, "पण लोकांना तो बंद करता यायचा. माझा कुणाला बंद करता आला नाही."

त्यानं डोक्यावरची लोकरी टोपी काढून हातात घेतली आणि मला नमस्कार केला. दोस्ती झाली ती अशी.

आमचं बोलणं हिंदीतून. माझ्या हिंदीत मराठी फार, आणि त्याच्या हिंदीत सगळ्या बायका पुरुष. प्रज्ञा म्हणायची, "बाबा, तुम्ही दोघं बोलता ती भाषा जगात तिसऱ्या कुणाला येत नाही." म्हणून इथं मी सगळं मराठीतच लिहितोय.

आता वयाचं. मोठा कोण यावर आमचा वाद झाला. माझी जन्मतारीख मास्तरांनी अंदाजानं घातलेली, त्याची त्याच्या मामानं शाळेसाठी कमी केलेली. पुराव्यानं काही ठरेना. शेवटी त्यानं माझ्या टकलाकडं बघून निकाल दिला की मोठे तुम्ही, आणि त्या दिवसापासून मला 'ककाइदेउ' म्हणायला लागला. ककाइदेउ म्हणजे त्यांच्यात थोरला भाऊ. मला मोठं व्हायचं नव्हतं. पण थोरल्याला धाकट्यावर ओरडता येतं हे ध्यानात आल्यावर मी ते पद घेतलं. म्हणूनच मी त्याला अरे-तुरे करतो. कुणाला उद्धटपणा वाटला तर वाटो.

त्याची पहिली खोड ही अर्ध्या तासाची. त्याची नाटकं अर्ध्या तासाची असत, तेव्हा सगळं आयुष्यच त्यानं तसं कापून घेतलं होतं. गप्पांना बसला की अर्धा तास होत आला की आवाज खाली यायचा, वाक्यं सावकाश पडायची, जणू मागून सतारबितार सुरू झालीय. मग तो उठायचा. एकदा आमच्याकडं पोहे निम्मे टाकून उठला. प्रज्ञा मला म्हणाली, "मीठ जास्त झालं का हो?" म्हणलं, मीठ बरोबर आहे, त्याची वेळ संपली.

दुसरी खोड डोळे मिटायची. कुणी बोलायला लागलं की हा डोळे मिटायचा. म्हणायचा, चेहरा मधे येतो. आता आयर्लंडातली माणसं सगळ्याला 'ग्रँड' म्हणतात. पाऊस थांबला, ग्रँड. चहा घेणार का, ग्रँड. पाय प्लास्टरमध्ये आहे, कसा आहेस, ग्रँड. सैकिया दुकानात रांगेत उभा राहून डोळे मिटून ऐकायचा आणि बाहेर आल्यावर मला सांगायचा, "पहिला ग्रँड म्हणजे आता निघा. दुसऱ्या बाईचा मुलगा परदेशातून आलाय. आणि तो मटणवाला फार दुःखात आहे, ककाइदेउ. त्याच्या घरी काहीतरी वाईट झालंय."

दुःखात आहे म्हटल्यावर भेटायला जायला हवं. आम्ही दोघं परत गेलो. सैकियानं मटणवाल्याचा हात हातात घेतला, मी खांद्यावर थोपटलं. तो बिचारा आमच्याकडं बघत राहिला आणि मग तोंड उघडून दाखवलं. सकाळी दाढ काढली होती. आम्हाला त्यानं अर्धा किलो खिमा कमी भावात दिला आणि म्हणाला, ग्रँड.

"हा ग्रँड कुठला?" मी बाहेर विचारलं.

"पुन्हा येऊ नका, असा," सैकिया म्हणाला.

तिसरी गोष्ट खोड नव्हती, त्याचा धर्म होता. तो म्हणायचा, रेडिओवर गप्प बसलेला माणूस मेलेला असतो. ऐकणाऱ्याला तुम्ही दिसत नाही, तेव्हा तुम्ही आहात हे कळायला आवाज करत राहिलं पाहिजे. पेला ठेवा, खाकरा, खुर्ची ओढा, काहीही करा. नाटकात ठीक आहे. पण हा घरातही तसाच राहायचा. चहा पिताना बशी वाजवायचा, चालताना छत्री आपटायचा, एकटा खोलीत असला तरी 'हं, हं' करायचा. माजनी रात्रपाळी करून दिवसा झोपायची. ती कंटाळून म्हणायची, "देउता, जरा शांत बसा ना." देउता म्हणजे बाबा. मग देउता छत्री घेऊन आमच्याकडं यायचे.

आमच्याकडं शांत बसायचं काही कारण नव्हतं, असं मला वाटायचं. एका सकाळी तो मला वादळ दाखवायला लागला. रेडिओतलं वादळ म्हणे आभाळातल्यापेक्षा अवघड, कारण आभाळाला पटवून द्यायचं नसतं. त्यानं प्रेसमधून, म्हणजे कपाटातून, इथं कपाटाला सगळे प्रेसच म्हणतात, केक भाजायचा पत्र्याचा ट्रे काढला. त्यात हरभरे टाकले आणि ट्रे हळूहळू कलता करायला लागला. खरं सांगतो, पाऊस आला. मग मला भांडी धुवायच्या टबात पाणी भरून दोन्ही हातांनी ढवळायला सांगितलं. पूर आला. मग त्यानं स्वतः ताट हलवून गडगडाट केला आणि कुणीतरी बुडतंय असा ओरडला.

वरच्या खोलीचं दार उघडलं. प्रज्ञा जिन्यात उभी, कानाला ते यंत्र लावलेलं.

"बाबा, माझा कॉल चालू आहे. माझा साहेब विचारतोय घरात पाणी शिरलं का."

सैकियानं ट्रे खाली ठेवला. "त्याला खरं वाटलं?"

"तो म्हणतोय फायर ब्रिगेडला फोन करा."

सैकिया खुर्चीत बसला. मी इतका सुखी झालेला माणूस फार कमी बघितला आहे. जाताना प्रज्ञाच्या साहेबाचं नाव विचारून गेला. म्हणाला, जाणता माणूस दिसतो.

पण एवढ्या सगळ्या नाटकांचं उरलं काय, हे मी त्याला विचारलं तेव्हा तो हसत सुटला. केंद्रावर टेपा कमी पडायच्या. जुन्या टेपवर नवं चढवायचे. त्याचं सगळ्यात गाजलेलं नाटक, त्यात नायिका शेवटी नदीकाठी मरते, त्या टेपवर भातावरच्या किडीचा बंदोबस्त चढवला. "माझी नायिका मरता मरता औषध फवारायला लागली, ककाइदेउ." एकही टेप उरली नाही. आवाज हवेत गेला तो गेला.

"मुलीला तरी आठवत असतील की."

तो हसायचा थांबला. मग त्यानं सारंगीची गोष्ट सांगितली. लहानपणी माजनीचा अभ्यास असायचा, पुढं ती होस्टेलवर गेली. दर नाटकानंतर हा तिला विचारायचा, ऐकलंस का. ती म्हणायची, 'भाल आसिल.' म्हणजे छान होतं. वर्षानुवर्षं भाल आसिल. एकदा नाटकाच्या दिवशीच कुणी मोठा पुढारी वारला. नाटक रद्द झालं, सगळे कार्यक्रम रद्द झाले, दिवसभर रेडिओवर नुसती सारंगी. रात्री होस्टेलला फोन लावून यानं विचारलं, ऐकलंस का. पोरगी म्हणाली, "भाल आसिल, देउता."

"मग तू काय म्हणालास?"

"मी म्हणालो, धन्यवाद. काय म्हणणार? सारंगी चांगलीच होती."

हे सांगताना त्यानं बशी वाजवली नाही की खाकरला नाही. माझ्या तेव्हाच ध्यानात आलं की या माणसाला आता एकच पाहिजे. अर्धा तास रेडिओ, आणि त्या अर्ध्या तासात त्याची मुलगी ऐकायला. अख्खा आसाम ऐकून झाला होता, ती तेवढी राहिली होती.

तो अर्धा तास मिळाला आमच्या भांडणामुळं. लायब्ररीत आम्ही ब्रह्मपुत्रा आणि येरळेवरून जरा मोठ्यानं बोलत होतो. तिथं नोरीन नावाच्या पिकल्या केसांच्या बाई होत्या. त्या आम्हाला गप्प करायला आल्या असं वाटलं. पण त्या गावातलं छोटं रेडिओ केंद्र चालवायच्या, गालिच्याच्या दुकानावरच्या माडीत, पगाराशिवाय. त्यांना रविवारी दुपारी नव्या शेजाऱ्यांसाठी, म्हणजे आमच्यासारख्या बाहेरून आलेल्यांसाठी, अर्धा तास भरायचा असायचा. म्हणाल्या, तुम्ही असंच येऊन भांडाल का? सैकिया म्हणाला, भांडण नाही, नाटक. नोरीनबाई म्हणाल्या, ग्रँड. त्यानं डोळे मिटून ऐकलं आणि मला सांगितलं, हा खरा आहे.

टेप करून ठेवू, असं त्या म्हणाल्या. त्यावर सैकिया ताठ उभा राहिला. टेपवर पुढं काहीही चढतं. थेट करायचं. जो ऐकेल तो ऐकेल.

नाटक असं. धुक्यातली नदी, एक नाव. नावेत आसामी प्रवासी आणि मराठी नावाडी. प्रवासी आपल्या भाषेत बोलतो, नावाडी आपल्या. दोघांना एकमेकांचं काही कळत नाही. प्रवाशाची मुलगी पलीकडच्या काठावर वाट बघतेय, त्याला लवकर पोचायचंय. नावाड्याला वाटतं याला भूक लागलीय. प्रवासी मुलीसाठी रडतो आणि नावाडी म्हणतो, भाकरी पलीकडं मिळेल. मी हे प्रज्ञाला सांगितलं तर ती डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. सैकियाच्या मते ही शोकांतिका होती. "हसू देत," तो म्हणाला, "हसणारा माणूस कान उघडे ठेवतो."

नावाडी अर्थात मी. संवाद लिहून देऊ का म्हणाला. मी सांगितलं, कागद बघून बोलणारा नावाडी मी पाहिलेला नाही. तोंडी ठरवलं. तालमी आमच्या स्वयंपाकघरात, संध्याकाळी, प्रज्ञाचं ऑफिस सुटल्यावर. टब म्हणजे नदी, उलथनं म्हणजे माइक. तो नियम सांगत सुटायचा. खोकायचं नाही. जवळ यायचं नाही, लांब जायचं नाही. माझ्या वाक्यावर चढायचं नाही. मी सगळं मान्य केलं, शेवटचं सोडून.

माजनीला त्यानं एकदाच सांगितलं, तेही दुसरीकडं बघत. "रविवारी दुपारी आहे. तुला ड्यूटी असेल."

"ड्यूटी आहे," ती म्हणाली, "पण मधे जमवते. ऐकते, देउता."

तो मला म्हणाला, "बघा, आत्ताच भाल आसिल म्हणाली."

रविवारी माडीवर गेलो. खोली एवढीशी, भिंतींना स्पंज, टेबलावर पाण्याचा टब, टबाशेजारी दोन माइक. काचेपलीकडं नोरीनबाई. सैकिया दाढी करून, टाय बांधून आलेला. रेडिओवर टाय कुणाला दिसणार, मी विचारलं. म्हणाला, आवाजाला दिसतो.

लाल दिवा लागला. नोरीनबाईंनी बोट दाखवलं. पहिलं वाक्य नावाड्याचं होतं.

आता इथं एक समजून घ्या. मी आयुष्यात हजारो वेळा माइकवर बोललो असेन, पण फुंकल्याशिवाय एकदाही बोललेलो नाही. सैकियानं सगळे नियम सांगितले, फुंकू नका एवढं सांगितलं नाही. कारण रेडिओतल्या माणसाला असं कुणी करेल हे सुचतच नाही. सोनाराच्या दुकानात 'दागिने चावून बघू नयेत' अशी पाटी असते का? आणि उलथन्यावर मी कधी फुंकलं नव्हतं, कारण उलथनं बंद पडत नाही.

मी माइक पुढं ओढला. फू, फू. बोटानं तीनदा ठोकलं. "हॅलो, हॅलो, चेक, माइक टेस्टिंग, वन टू थ्री."

काचेपलीकडं नोरीनबाईंनी कानावरचं यंत्र उपटून काढलं. सैकियाचं तोंड मी सांगत नाही. पण तो माणूस काय होता ते तेव्हा कळलं. पुढच्या क्षणी तो आपल्या भाषेत म्हणाला, "बताह आहिसे." वारं सुटलंय. आणि टबात हात घालून नाव हाकायला लागला. माझं फुंकणं म्हणजे नदीवरचं वारं झालं. हॅलो चेकचं काय झालं मला माहीत नाही. कदाचित मराठी नावाडी असंच म्हणतात असं नावनच्या लोकांना वाटलं असेल.

पुढं नाटक रंगलं. मी भाकरीबद्दल बोललो, ठेच्याबद्दल बोललो. तो चिडला, गयावया केली, हसला, रडला. डोळे सगळा वेळ मिटलेले. मग ती जागा आली. धुकं विरळ होतं आणि प्रवासी काठाकडं बघून मुलीला हाक मारतो. नाटकातल्या मुलीचं नाव त्यानं दुसरं ठेवलं होतं, तालमीत दहादा मारलेली हाक.

त्यानं तोंड उघडलं. आवाज आला नाही.

डोळे उघडले होते त्यानं. माइककडं बघत होता, आणि माइकमध्ये कुणीतरी दिसावं तसा बघत होता. गप्प. नोरीनबाई हातानं चाक फिरवल्यासारखं करायला लागल्या. मी टब ढवळला. भाकरीची दोन वाक्यं होती ती टाकली. संपली. तो गप्पच. आणि मला त्याचाच धर्म आठवला, गप्प बसलेला माणूस मेलेला असतो. माझ्यादेखत मरतोय म्हटल्यावर मी माइक माझ्याकडं ओढला आणि जत्रेत जन्मभर जे बोललो तेच तोंडातून आलं.

"लक्ष द्या, लक्ष द्या. माजनी नावाची मुलगी चुकलेली आहे. अंगात डॉक्टरचा डगला आहे. माजनी, बाळ, जिथं असशील तिथून घाटापाशी ये. तुझे वडील इथं उभे आहेत. सकाळपासून त्यांनी काही खाल्लेलं नाही. पुन्हा एकदा सांगतो. माजनी नावाची मुलगी..."

चुकलेल्या पोराची सूचना दोनदा द्यायची असते. दुसऱ्यांदा देत होतो तेवढ्यात शेजारून हाक आली. "माजनी." एवढा मोठा आवाज त्या एवढ्याशा माणसात कुठं होता कोण जाणे. नाटकातलं नाव गेलं वाहून. त्यानं तिला तीच हाक तीन-चारदा मारली, मग नाव काठाला लागली, मी टबातून हात काढले, आणि अर्धा तास संपला. वेळेवर. त्यात तो चुकला नाही.

नोरीनबाई बाहेर येऊन म्हणाल्या, "ग्रँड."

"हा कुठला?" मी विचारलं.

"मला आज ऐकू येत नाहीये," सैकिया म्हणाला.

जिन्यात मात्र त्याला आवाज फुटला. "माइकवर फुंकलात, ककाइदेउ? फुंकलात?"

"फुंकल्याशिवाय चालू आहे की नाही कळणार कसं?"

"लाल दिवा होता."

"दिव्याचा काय भरवसा? माझ्या धंद्यात दिवे लागलेले असायचे आणि भोंगा मुका."

मी आजही म्हणतो, माइक फुंकूनच बघावा. पण तो घरापर्यंत माझ्याशी बोलला नाही. मी तरी त्याच्याबरोबर त्याच्या घरी गेलो, कारण मला शेवट बघायचा होता.

संध्याकाळी माजनी आली. कोट काढला, बूट काढले. सैकिया खुर्चीत बसलेला, टाय तसाच. त्यानं विचारलंही नाही. तीच जाता जाता त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, "भाल आसिल, देउता," आणि चहा टाकायला आत गेली.

सैकियानं माझ्याकडं बघितलं. एकच शब्द बोलला. "सारंगी."

मी माझी टोपी शोधायला लागलो. तेवढ्यात ती किटली हातात घेऊन परत दारात आली. दुसऱ्या हातानं कान चोळत होती.

"अंकल, एक सांगा. सुरुवातीला फुंकलं कोण?"

मी टोपी शोधत राहिलो. सैकिया सरळ झाला.

"मी औषधांच्या खोलीत उभी. दोन्ही कानांत इयरफोन, आवाज पूर्ण वाढवलेला, कारण पहिलं वाक्य चुकवायचं नव्हतं. आणि पहिलं वाक्य काय, तर फू. अजून कान वाजतोय माझा. असं कुणी करतं का?"

"पुन्हा सांग," सैकिया म्हणाला.

"काय पुन्हा सांगू?"

"फुंकल्याचं. पहिल्यापासून."

ती चिडली होती, तिनं पहिल्यापासून सांगितलं. सैकियानं डोळे मिटले आणि मान जराशी खाली घातली, पुलावर घातली होती तशी. औषधांची खोली, इयरफोन, फू, ठोकणं. मग ती म्हणाली, आणि माझं घरातलं नाव कशाला घेतलंत, मला वाटलं देउतांना काही झालं, मी ड्यूटी सोडून पळत निघणार होते, मग देउतांची हाक आली तेव्हा जीव भांड्यात पडला. तिथं तिचा आवाज जरा घसरला. तिनं किटली टेबलावर आपटली. "अंकल, मला तुमचा फार राग आलाय."

"तेही पुन्हा सांग," सैकिया डोळे न उघडता म्हणाला.

तिला काय कळायचं ते कळलं असावं. ती त्याच्या पायाशी वेताच्या मोड्यावर बसली आणि भाकरीपासून घाटापर्यंत सगळं नाटक त्याला सांगायला लागली. कुठं चुकलं तेही सांगितलं. बरंच चुकलं होतं, आणि बरंच माझं. अर्धा तास होऊन गेला. मी घड्याळाकडं बघितलं, त्याच्याकडं बघितलं. तो उठला नाही. मग मीच उठलो.

त्यानंतर काही महिन्यांनी तिला लिमरिकच्या बाजूला नोकरी लागली आणि शॅननला घर मिळालं. नावनहून शॅनन म्हणजे देशाचं दुसरं टोक. जायच्या सकाळी मी गेलो. सामान गाडीत भरलं होतं. सैकिया पुढच्या सीटवर, पट्टा बांधलेला, लोकरी टोपी घातलेली. बोलायचं होतं ते आदल्या दिवशी पुलावर बोलून झालं होतं, अर्ध्या तासात. शॅननला मोठी नदी आहे, खालचा आवाज असेल, असं मी त्याला म्हणालो होतो. असला तर कळवतो, असं तो म्हणाला होता.

माजनीनं गाडी सुरू केली. काच बंद होती. तो काहीतरी बोलला, मला ऐकू आलं नाही. मी कानामागं हात धरला. तेव्हा तो काचेपाशी तोंड आणून फुंकला. फू, फू. काचेवर वाफेचा गोल उठला. त्या गोलावर त्यानं बोटानं तीनदा ठोकलं आणि माझ्याकडं बघत राहिला.

गाडी हलली. मी रस्त्याच्या मधे जाऊन हात उंच केला, मी माइक फुंकला की मैदानाच्या पार टोकाच्या भोंग्याखालून माझा माणूस करायचा तसा. येतोय, आवाज येतोय.